चौथा थांबा

शाल्मलीने तिकीट काढलं. सून माझी.
माणशी पंच्याऐंशी डॉलर, चालायचं आणि खायचं.
मनातल्या मनात रुपये केले नि गप्प बसले.
एवढ्यात त्या काळी मिरजेला, माझ्या खानावळीत,
एखादे मास्तर वर्षभर जेवले असते.

सॅन होजे. जपानी वस्तीतला कोपरा.
शनिवारी सकाळी साडेदहाला आम्ही तेरा जण,
आणि चौदावी ती: डॉटी कावागुची,
वय बहात्तर, डोक्यावर बेसबॉलची टोपी,
हातात झेंड्याऐवजी लाकडी पळी.
पळी वर गेली की निघायचं,
खाली आली की थांबायचं.
इंग्रजी कळायला मला वेळ लागतो,
पळी कळायला नाही.

टेक्सासहून आलेल्या एकाने विचारलं,
जपानात हे असंच मिळतं का हो?
ती म्हणाली, मला काय ठाऊक,
मी जपान पाहिलेलंच नाही.
माझा जन्म इथला, दोन गल्ल्या पलीकडचा.
त्याचं तोंड असं झालं
की आमटीत मीठच नाही.
मला मात्र ती तिथेच आवडली.

पहिला थांबा. अगं बाई, हे तर आप्पेपात्र!
आप्प्यात ऑक्टोपसचा तुकडा, एवढाच फरक.
माझ्यासाठी शाल्मलीने आधीच कळवलेलं,
माझ्या खळग्यांत कोबी आणि मका.
पोरगा काडीने गोळे फिरवत होता
आणि ते बुडाला धरत होते.
बीड तापलं नव्हतं. मला आवाजावरून कळतं.
पीठ पडलं की चर्र व्हायला हवं,
हे नुसतं हं म्हणालं.
हात शिवशिवले, पदर खोचायला गेले,
तर अंगात पंजाबी ड्रेस
आणि वर मुलाचं जाकीट.

दुसरा थांबा, तांदळाच्या पिठीचा गोळा,
आत लाल कडधान्याचं पुरण. गोड कमी.
पण वळणाऱ्याचा हात चांगला, कुठे चीर नाही.
तिसऱ्याला भाताची वडी, काळ्या कागदात गुंडाळलेली.
कागद मी सोलून टाकला.
तो खायचा असतो हे नंतर कळलं.

चौथ्याला पळी खाली आली
एका बंद दुकानासमोर.
काचेला आतून वर्तमानपत्रं चिकटवलेली.
इथे काय मिळतं? टेक्सासवाला.
आता काही नाही, डॉटी म्हणाली.

शाल्मली माझ्या कानात अर्धंमुर्धं सांगत होती.
इथे सोयाबीनचं पनीर मिळायचं, पहाटे, गरम,
भांडं आपलं आपण आणायचं.
युद्धात सरकारने तिच्या वडिलांना
तीन वर्षं तारेच्या कुंपणात ठेवलं होतं.
सुटून आले ते पहिल्यांदा इथे उभे राहिले.
रांगेची सवयच लागली होती ना, म्हणाली, आणि हसली.
दुसरं कोणी हसलं नाही.

मग म्हणाली, इथे आपण पाच मिनिटं थांबतो.
त्यांचा नंबर यायला एवढाच वेळ लागायचा.

तेरा माणसं, रिकाम्या दुकानासमोर, रांगेत.
कोणी मोबाइल काढला, परत ठेवला.
एक पोर म्हणालं, भूक लागली.
मी आपली मोजत होते. जुनी खोड.
किती पानं, किती भाकऱ्या,
कोण अजून यायचंय.

माझ्या खानावळीच्या जागी
आता मोबाइलचं दुकान आहे.
बावीस वर्षं चुलीपुढे काढली तिथे.
आता रिक्षाने तिथून जाते तेव्हा
जरा हळू घे रे, एवढंही म्हणत नाही.

पळी वर गेली.
मी शाल्मलीला म्हटलं, विचार तिला, पळी कुठली?
डॉटी म्हणाली, इथलीच.
शेवटच्या दिवशी मागून घेतली.

मी हात पुढे केला. तिने दिली.
हलकी होती, वाटली होती त्याहून.
दांड्यावर कुणाच्या तरी अंगठ्याने
झिजून झिजून केलेला खळगा.
माझा अंगठा त्यात बसेना, जरा मोठा पडला.
परत दिली.

पाचवा थांबा आइस्क्रीमचा.
तिथे मी दोन खाल्ली.
पंच्याऐंशी डॉलर म्हणजे काही थोडे नाहीत.